विल्सन कॉलेजातला विल्सन, आणि कोर्टात उभी राहिलेली पोरं

चौपाटीवर कुल्फी खात उभं राहिलं की समोर ते दगडी विल्सन कॉलेज दिसतं. मला कितीतरी वर्षं वाटायचं, विल्सन म्हणजे कुणी गव्हर्नर असणार. छे, पाद्री! आणि ही इमारत १८८९ ची. तो तर १८७५ मध्येच गेला.

जॉन विल्सन, स्कॉटलंडचा. १८२९ मध्ये बायको मार्गारेटसह मुंबईत आला. मराठी शिकायला कुठं गेला? कोकणात, बाणकोट-हर्णैला. काही महिन्यांत गडी मराठीत प्रवचनं द्यायला लागला. मार्गारेटनं मुलींच्या शाळा काढल्या, पण १८३५ मध्ये ती वारली. विल्सननं १८३२ मध्ये जी इंग्रजी शाळा सुरू केली, तिचंच पुढं हे कॉलेज झालं.

आता एक स्पष्ट सांगतो. माणूस विद्वान होता, मवाळ मात्र अजिबात नव्हता. मोरभट दांडेकरांशी त्याचा जाहीर वाद झाला. मोरभटांनी हिंदू धर्माच्या बाजूनं पुस्तक लिहिलं, विल्सननं उत्तरादाखल दुसरं लिहिलं, आणि त्यात हिंदू धर्माची सालटी काढली. त्या काळी वाद असे छापून चालायचे.

खरा भडका उडाला १८३९ च्या मे महिन्यात. त्याच्या शाळेतल्या दोन पारशी तरुणांनी, धनजीभाई नौरोजी आणि होरमसजी पेस्तनजी यांनी, बाप्तिस्मा घेतला. पारशी समाज खवळला. प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं. दिल्लीतलं नव्हे हं, तेव्हा मुंबईचं स्वतःचं सुप्रीम कोर्ट होतं. अर्ज होता हेबियस कॉर्पसचा: आमचा मुलगा पाद्र्यानं अडकवून ठेवलाय, हजर करा. धनजीभाई तेव्हा सोळा-सतरा वर्षांचा. कोर्टानं ठरवलं, याला स्वतःचं कळतं, जायचं तिकडं जाऊ दे. एका बाजूला घरचे, दुसऱ्या बाजूला विल्सन. पोरगा विल्सनबरोबर गेला.

परिणाम? पालकांनी पटापट मुलं काढून घेतली, वर्ग ओस पडले.

चार वर्षांनी, १८४३ मध्ये, तसंच प्रकरण पुन्हा उभं राहिलं. नारायण शेषाद्री या ब्राह्मण तरुणानं बाप्तिस्मा घेतला. त्याचा धाकटा भाऊ श्रीपतही मिशनऱ्यांच्या घरी राहायला गेलेला. वय बाराच्या आसपास. वडील कोर्टात गेले आणि या वेळी कोर्ट म्हणालं, हा अजाण आहे, बापाच्या ताब्यात द्या. गंमत म्हणजे विल्सन तेव्हा मुंबईत नव्हताच. धनजीभाईला बरोबर घेऊन पॅलेस्टाइनमार्गे स्कॉटलंडला निघाला होता.

पण मला जास्त ओढ आहे ती पुढच्या गोष्टीची. श्रीपत घरी आला खरा, पण पाद्र्याच्या घरी जेवलेला! जातीत घ्यायचा कसा? सनातनी म्हणाले, नाही म्हणजे नाही. तेव्हा उभे राहिले बाळशास्त्री जांभेकर, आपल्या 'दर्पण'चे. प्रायश्चित्त देऊन मुलाला परत घ्या म्हणाले, आणि त्यापायी स्वजातीयांचा रोष ओढवून घेतला. म्हणजे बघा, धर्म सोडायला कोर्टाची परवानगी लागत होती आणि परत यायला जातीची!

धर्म बदलला की वारसाहक्क जायचा, तो १८५० च्या कायद्यानं वाचवला. विल्सन मुंबई विद्यापीठाचा कुलगुरूही झाला. नारायण शेषाद्रीनं जालन्याजवळ बेथेल नावाचं गाव वसवलं. आणि धनजीभाई? एडिंबरोत १८४६ मध्ये त्याला पाद्रीपदाची दीक्षा मिळाली, मग तो भारतात परतला आणि १९०८ पर्यंत जगला. कोर्टात ज्याच्या वयावर वाद झाला, तो पंच्याऐंशी पार करून गेला.