अ‍ॅलेक गिनेस: पायांपासून सुरू होणारा नट

नमस्कार श्रोतेहो.

२ एप्रिल १९१४. लंडनच्या मॅरिलबोन भागात अ‍ॅग्नेस कफ नावाच्या बाईला मुलगा झाला. जन्मदाखल्यावर त्याचं नाव लागलं अ‍ॅलेक गिनेस द कफ, आणि वडिलांच्या नावाचा रकाना कोराच राहिला. पुढे शाळेची फी भरायचा अँड्र्यू गेडेस नावाचा बँकेतला एक गृहस्थ. लोकांनी त्यावरून काय तो अंदाज बांधला, पण खात्रीचं उत्तर मुलाला कधीच मिळालं नाही. मधल्या काळात आईने एका कॅप्टनशी लग्न केलं आणि पोराचं आडनाव स्टिव्हन झालं. हा सावत्र बाप भलताच तापट आणि मारकुटा होता. चौदाव्या वर्षापर्यंत या मुलाची तीन नावं होऊन गेली होती आणि तीसेक बिऱ्हाडं झाली होती. हॉटेलातल्या खोल्या, भाड्याच्या खोल्या. भाडं थकलं की गाशा गुंडाळायचा आणि पुढची जागा बघायची.

हाच मुलगा पुढे सर अ‍ॅलेक गिनेस झाला. विसाव्या शतकातल्या इंग्रजी रंगभूमीवरचा आणि पडद्यावरचा पहिल्या फळीतला नट. त्याच्या बालपणावरून त्याच्या अभिनयाचा अर्थ लावायचा मोह पुष्कळांना होतो. स्वतःचं नावगाव धड नव्हतं म्हणून दुसऱ्यांची नावं घेत सुटला, वगैरे. मला ते फार सोपं वाटतं. बाप नसलेली मुलं काही सगळी नट होत नाहीत. मला त्याच्या कामाबद्दल बोलायचंय, आणि त्यातही त्याच्या चालण्याबद्दल. आता रेडिओवरून चालणं कसं दाखवणार, असं तुम्ही म्हणाल. बघू या.

शाळा संपल्यावर गिनेस एका जाहिरात कंपनीत मजकूर लिहायला लागला. पण जीव नाटकात होता. मार्टिटा हंट या अभिनेत्रीकडे त्याने शिकवणी लावली, मग फे कॉम्प्टनच्या नाट्यशाळेत शिरला. तिथल्या स्पर्धेला परीक्षक होते जॉन गिलगुड. त्या काळी लंडनच्या रंगभूमीवर गिलगुड म्हणजे काय होते, हे सांगायला वेगळं भाषण लागेल. त्यांनी या सडपातळ, भुकेल्या पोराला हेरलं. खिसा रिकामा आहे हे ओळखून त्याच्यापुढे वीस पौंड ठेवले. पोराने ते घेतले नाहीत आणि पायीच घरी गेला. १९३४ साली गिलगुडनी त्याला आपल्या 'हॅम्लेट'मध्ये ऑस्रिकची छोटी भूमिका दिली. तालमीत मात्र एक दिवस असे भडकले की म्हणाले, तुला झालंय काय, नीघ इथून, तोंड दाखवू नकोस. आठवड्याने परत बोलावलं. आपल्याकडच्या तालमींतही असे आठवडे पुष्कळांनी काढलेत.

चारच वर्षांनी, १९३८ मध्ये, ओल्ड विक थिएटरात टायरन गथ्रींच्या दिग्दर्शनाखाली गिनेस स्वतः हॅम्लेट झाला, तोही आधुनिक पोशाखातला, एकही ओळ न कापलेला. त्याच वर्षी मेरुला सलामन या अभिनेत्रीशी लग्न झालं. मग युद्ध आलं. नौदलात साधा खलाशी म्हणून भरती झाला आणि अधिकारी होऊन १९४३ च्या सिसिलीवरच्या स्वारीत सैन्य किनाऱ्यावर उतरवणारी एक नाव त्याने सांभाळली. हल्ला तासभर पुढे ढकलल्याचा निरोप त्याच्यापर्यंत पोचलाच नाही. हा आपला ठरल्या वेळी किनाऱ्यावर हजर. वरिष्ठाने झापलं, तर याने ऐकवलं की लंडनच्या नाटकधंद्यात आठचा पडदा आठालाच उघडतो, नौदलाने हे शिकण्यासारखं आहे. ही गोष्ट त्याने स्वतःच लिहून ठेवलीय, म्हणजे थोडी तिखटमीठ लावलेली असणार.

युद्धानंतर तो सिनेमात आला तो दिग्दर्शक डेव्हिड लीनमुळे. लीनच्या 'ऑलिव्हर ट्विस्ट'मध्ये त्याला म्हातारा फेगिन, म्हणजे पोरांना चोऱ्या करायला लावणारा ज्यू, करायचा होता. लीन म्हणाला, शक्य नाही, तू तिशीतला गोरागोमटा माणूस. गिनेसने एवढंच मागितलं की एक चाचणी घ्या, आणि रंगभूषा करून त्याच्यापुढे जाऊन उभा राहिला. भूमिका मिळाली. मात्र डिकन्सच्या मूळ पुस्तकातल्या क्रुकशँकच्या चित्रांवरून केलेलं ते लांबलचक नाक ज्यू लोकांना सहन होणं शक्यच नव्हतं. नाझींच्या छळछावण्या उघडकीला येऊन तीनचार वर्षंच झाली होती. १९४९ मध्ये बर्लिनमध्ये सिनेमाविरुद्ध निदर्शनं झाली आणि अमेरिकेत तो १९५१ साली, कात्री लागून, प्रदर्शित झाला. नट म्हणून काम अचाट. पण ते नाक आज बघतानाही आपण खुर्चीत चुळबुळतो. रंगभूषेच्या डब्यात एवढी ताकद आणि एवढा धोका असतो.

१९४९ च्या 'काइंड हार्ट्स अँड कॉरोनेट्स'मध्ये त्याला एकाच उमराव घराण्यातल्या चार भूमिका देऊ केल्या होत्या. पटकथा वाचून याने विचारलं, चारच का, आठ का नकोत? आणि आठ केल्या. ड्यूक, बँकवाला, पाद्री, सेनापती, दर्यासारंग, दोन तरुण आणि चक्क एक बाई, लेडी अगाथा. चर्चमधल्या एका दृश्यात त्यांतले सहा जण एकाच चौकटीत दिसतात. त्या वेळी संगणक नव्हता. कॅमेरा एका जागी घट्ट बसवायचा, भिंगाचा एकेक भाग झाकायचा, तीच फिल्म पुन्हा पुन्हा मागे घ्यायची, आणि गिनेसने दर वेळी नवा वेश करून नव्या जागी बसायचं. कॅमेरा केसभर हलला तर सगळं पाण्यात. छायालेखक डग्लस स्लोकंब रात्री स्टुडिओतच कॅमेऱ्यापाशी झोपला. आपल्या गावोगावच्या बहुरूप्याला हे दाखवलं असतं तर त्याने एकच शंका काढली असती, की सगळे एकदम आले तर बिदागी कोणाला द्यायची!

गंमत अशी, की त्या आठांत तोंडांपेक्षा अंग वेगळं आहे. भूमिका हाताशी आली की गिनेस आधी शोधायचा तो माणूस चालतो कसा. वजन टाचेवर की चवड्यावर, पाऊल उचलतो की फरफटवतो, खांदे पायांच्या पुढे जातात की मागे राहतात. संवाद, आवाज, चेहरा हे सगळं त्यानंतर.

त्याचा सगळ्यांत मोठा दाखला 'द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय'. १९५७ चा सिनेमा, चित्रीकरण सिलोनमध्ये, म्हणजे आजच्या श्रीलंकेत. कर्नल निकल्सन हा जपान्यांच्या कैदेतला ब्रिटिश अधिकारी. अधिकारी अंगमेहनतीचं काम करणार नाहीत, नियमात बसत नाही, एवढ्या एका मुद्द्यावर तो अडून बसतो आणि जपानी त्याला उन्हात तापणाऱ्या पत्र्याच्या पेटीत डांबतात. शेवटी बाहेर काढतात. पेटीपासून जपानी कर्नल सैतोच्या खोलीपर्यंतचं अंतर निकल्सन चालून जातो. संवाद नाही. आजूबाजूला त्याचे सैनिक बघतायत. माणूस ताठ चालायचा प्रयत्न करतोय आणि पाय ऐकत नाहीत. गुडघे भलतीकडेच जातात, पाऊल हेलपाटतं, पण मान वरच.

ही चाल कुठून आली, हे गिनेसने सांगितलंय. त्याचा एकुलता मुलगा मॅथ्यू, अकरा वर्षांचा असताना पोलिओने आजारी पडला. कमरेखाली लुळा. त्या दिवसांत स्टुडिओतून घरी जाताना गिनेस हॅमरस्मिथच्या एका कॅथलिक चर्चमध्ये जाऊन बसायचा. स्वतः कॅथलिक नव्हता. त्याने देवाशी जणू बोलीच केली, की मुलगा बरा झाला तर त्याला कॅथलिक व्हावंसं वाटल्यास मी आडवा येणार नाही. मुलगा हळूहळू उठला, पुन्हा चालायला शिकला. १९५६ मध्ये गिनेस स्वतःच कॅथलिक झाला. वर्षभराने, तो 'क्वाय'साठी सिलोनात असताना, इकडे बायकोनेही दीक्षा घेतली आणि झाल्यावर त्याला कळवलं! तर निकल्सनची ती चाल म्हणजे बरा होत असलेल्या मॅथ्यूची चाल. आपल्या मुलाचं अडखळणं बापाने इतकं बारकाईने बघावं आणि चार वर्षांनी कॅमेऱ्यापुढे वापरावं, यात नट म्हणून थोडं निर्दयपण आहे, हे मला लपवावंसं वाटत नाही. पण असा नट होता तो. ऑस्कर मिळालं, १९५९ मध्ये 'सर' झाला.

याचा अर्थ सगळं जमत गेलं असा नाही. १९५१ चा त्याचा दुसरा हॅम्लेट साफ पडला; पहिल्या प्रयोगालाच दिव्यांचा घोळ झाला आणि समीक्षकांनी सालटी काढली. याउलट १९५३ मध्ये कॅनडातल्या स्ट्रॅटफर्ड नावाच्या लहानशा गावात एका तंबूत नवा शेक्सपिअर महोत्सव उभा राहिला, त्याची पहिली ओळ बोलायचा मान याचा, तिसरा रिचर्ड म्हणून. नंतर ब्रॉडवेवर कवी डिलन टॉमसच्या भूमिकेला टोनी पारितोषिक मिळालं. १९८९ पर्यंत तो रंगमंचावर उभा राहत होता.

'स्टार वॉर्स'बद्दल थोडक्यात सांगतो, कारण जगाला तो त्यामुळेच ठाऊक आहे आणि त्याला स्वतःला त्याचाच कंटाळा होता. १९७७ च्या त्या सिनेमाच्या नफ्यात त्याचा जवळपास दोन टक्के वाटा होता. म्हातारपणाची ददात मिटली. पण एका बारा वर्षांच्या मुलाने आपण तो सिनेमा शंभरावर वेळा पाहिलाय असं कौतुकाने सांगितलं, तेव्हा सही देण्यापूर्वी यांनी अट घातली: पुन्हा म्हणून बघायचा नाही. पोरगं रडायला लागलं. आई संतापली. मी आईच्या बाजूचा आहे.

त्यानंतर, १९७९ मध्ये, बीबीसीवर जॉर्ज स्मायली. जॉन ल कारेच्या कादंबरीतला निवृत्त गुप्तहेर. खरा हेर दिसतो कसा हे बघायचं म्हणून ल कारेने त्याची गाठ ब्रिटिश गुप्तहेर खात्याचे माजी प्रमुख मॉरिस ओल्डफील्ड यांच्याशी जेवणावर घालून दिली. जेवण आटोपलं, ओल्डफील्ड निघाले, आणि गिनेस फुटपाथवर उभा राहून त्यांची पाठमोरी चाल बघत राहिला. पुढे ल कारे म्हणायचा की या नटाने माझा स्मायली माझ्याकडून काढूनच घेतला, आता लिहायला बसलो की त्याचाच आवाज ऐकू येतो.

आता आपल्या घरचा विषय. १९८४ मध्ये लीनने इंग्रज लेखक फॉर्स्टरच्या 'अ पॅसेज टू इंडिया' या कादंबरीवर सिनेमा काढला आणि त्यात गिनेसला केलं प्राध्यापक नारायण गोडबोले! गोडबोले म्हणजे आपलेच. कादंबरीत त्यांना दख्खनी ब्राह्मण म्हटलंय. फॉर्स्टर १९२१ मध्ये देवासच्या थोरल्या पातीच्या महाराजांचा खासगी चिटणीस होता. राज्य मराठ्यांचं, पवारांचं. तिथली गोकुळाष्टमी त्याने डोळ्यांनी पाहिली होती. म्हणून कादंबरीच्या शेवटच्या भागात कृष्णजन्माचा जो सोहळा आहे, त्यात लोक चक्क तुकारामाच्या नावाचा गजर करतात आणि गोडबोले देवापुढे नाचतात.

आणि फॉर्स्टरने या गोडबोल्यांचं वर्णन काय केलंय? युरोपियनासारखा गोरा वर्ण, राखाडी-निळे डोळे, अंगात कोट, खाली धोतर, डोक्याला पागोटं आणि पागोट्याशी जुळणारे मोजे. वाचताक्षणी आपण म्हणणार, अहो हे तर कोकणस्थ! म्हणजे इथे तरी तोंड काळवंडायची काही गरज नव्हती. सिनेमात नेमकं तेच केलंय. पडद्यावर दिसतो तो रंग फासलेला इंग्रज, भारतीय उच्चारांची नक्कल करणारा. शेजारी व्हिक्टर बॅनर्जी हा खराखुरा भारतीय नट उभा असल्यामुळे हे जास्तच खुपतं. नाचाची त्याने मेहनतीने तयारी केली होती, लीनने तो भाग कापला, आणि सहा सिनेमांची ही जोडी कडवटपणे संपली.

हा नट, जो दुसऱ्याच्या अंगात शिरायचा, त्याला गोडबोले का साधले नाहीत? माझं मत असं, की कादंबरीतले गोडबोले कीर्तनात वाढलेले आहेत. टाळ हातात घेऊन उभं राहताना आपल्याकडचा म्हातारा माणूस गुडघ्यांत किंचित झोका घेतो, तो शिकवून येत नाही. निकल्सनसाठी घरात मॅथ्यू होता, स्मायलीसाठी जेवणाच्या टेबलापलीकडे ओल्डफील्ड. गोडबोल्यांच्या मागे पडद्यावर तरी असा कोणी माणूस जाणवत नाही. पागोटं आणि गंध तेवढं दिसतं.

५ ऑगस्ट २००० रोजी ससेक्समधल्या मिडहर्स्ट इथे तो गेला. दोन महिन्यांनी मेरुलाही गेली. बासष्ट वर्षांचा संसार.

ज्यांनी त्याला पाहिलेलंच नाही त्यांनी 'द लॅव्हेंडर हिल मॉब'पासून सुरुवात करावी. १९५१ चा सिनेमा, सव्वा तासाचा. वीस वर्षं इमानेइतबारे बँकेचं सोनं पोचवणारा कारकून एक दिवस तेच सोनं वितळवून आयफेल टॉवरच्या इवल्या प्रतिकृती बनवतो आणि पॅरिसला धाडतो. खऱ्या टॉवरच्या चक्री जिन्यावरून तो आणि त्याचा साथीदार धावत उतरतात तेव्हा त्यांचे पाय बघा. पहिल्याच दृश्यात ऑड्री हेपबर्न येऊन जाते, तीही चुकवू नका. मग 'क्वाय'. स्मायलीचे सात भाग मात्र एका बैठकीत संपवायला जाऊ नका. तिसऱ्या भागापर्यंत कोण कोणाचा हेर हे काही केल्या कळत नाही, आणि कळू नये अशीच त्याची रचना आहे.

नमस्कार.