एकट्या फॉरवर्डरचं कोण ऐकतं?

नमस्कार मंडळी. समोर बरेचसे टॉवेलवाले आहेत, मागच्या रांगेत माझ्या धंद्यातले फॉरवर्डर, म्हणजे तुमचा माल परदेशी पोचवायची व्यवस्था करणारे. आज बोलायचंय ते फॉरवर्डरांच्या संघटनेबद्दल. टॉवेलवाल्यांनीही आमची बाजू ऐकावी, कारण शेवटी डबा, म्हणजे कंटेनर, तुमच्याच मालाचा असतो.

आपल्या सोलापुरात अक्कलकोट रोड एमआयडीसीत रात्री अकराला कंटेनर भरताना ज्यांनी पाहिलाय त्यांना ठाऊक आहे, टेरी टॉवेल वजनाला हलका आणि जागेला भारी. 40 फुटी डबा छताला टेकेपर्यंत कार्टनं रचली तरी वजनाची मर्यादा लांबच राहते. मग तो न्हावा शेव्याच्या बंदराला निघतो, साधारण 400 किलोमीटर.

2021 साली माझा असाच एक डबा बंदराबाहेर थांबला. जहाज लांबलं, गेट उघडेना, कट-ऑफ, म्हणजे डबा बंदरात पोचवायची शेवटची मुदत, दोनदा बदलला. तेवढ्यात लाईनने, म्हणजे जहाज कंपनीने, दिलेले मोफत दिवस संपले आणि डिटेन्शनचं, म्हणजे डबा जास्त दिवस ठेवल्याचं, बिल माझ्या नावावर आलं. मेल केले, फोन केले. उत्तर एकच, टॅरिफप्रमाणे आहे. निर्यातदाराकडे मागायला गेलो तर तो म्हणाला, "अहो, माल तर मी वेळेत भरून दिला." खरंच होतं त्याचं.

शेवटी कागद घेऊन मुंबईला आमच्या संघटनेच्या कचेरीत गेलो. तिथल्या बाईंनी आधी एवढंच विचारलं, कट-ऑफ बदलल्याचा मेल आहे का? डबा रिकामा कधी उचलला, आत कधी गेला? तारखा एका कागदावर उतरवल्या. त्याच लाईनची अशी आणखी अकरा प्रकरणं त्यांच्या टेबलावर होती. बाराही एकत्र घेऊन त्या चर्चेला बसल्या. बिल पूर्ण माफ झालं नाही, पण निम्म्याच्या खाली आलं. बारा जण वेगवेगळे गेलो असतो तर कुणी खुर्चीसुद्धा दिली नसती.

बंदराबंदरांतल्या कस्टम ब्रोकरांच्या, म्हणजे मालाची कस्टमची कामं करून देणाऱ्यांच्या, संघटना एफएफएफएआय या देशपातळीवरच्या महासंघात आहेत. तो 1962 पासूनचा. जगाच्या पातळीवर फॉरवर्डरांची फियाटा ही संघटना आहे, 1926 साली व्हिएन्नात स्थापन झालेली. सोलापूरच्या माणसाला त्यांचं काय, असं वाटेल. पण परदेशातला खरेदीदार किंवा त्याची बँक आपल्याला ओळखत नाही. फियाटाचं बीएल, म्हणजे माल ताब्यात घेतल्याचा आणि वाहतुकीचा कागद, ओळखते. त्या कागदावर सही करणारा फॉरवर्डर माल उचलल्यापासून पोचेपर्यंतची जबाबदारी घेतो, म्हणून तो कागद संघटनेमार्फतच मिळतो, कुणालाही नाही. आपल्याकडे बहुविध वाहतुकीचा, म्हणजे रस्ता, रेल्वे, जहाज अशा एकाहून जास्त साधनांनी माल नेण्याचा, 1993 चा कायदाही आहे. त्याखाली नोंदणी करावी लागते.

प्रशिक्षणाबद्दल मला फार पोटतिडकीने बोलायचंय. नवा पोरगा सुती टेरी टॉवेल 6302 60 या कस्टम कोडऐवजी चादरीच्या कोडखाली टाकतो आणि कर-परताव्याचा हिशेब बिघडतो. हे शिकवणारं आपल्या गावात कोण आहे? संघटनेचे वर्ग इथे भरले पाहिजेत, दर वेळी मुंबई-पुण्याला का जायचं?

एक गोष्ट मात्र संघटनेकडून मागू नका: सगळ्यांनी मिळून दर ठरवणं. 2002 च्या स्पर्धा कायद्याला ते चालत नाही, आणि मलाही ते पटत नाही.

वर्गणीबद्दल कुणीतरी मघाशी विचारलं. ती भराच, पण आजपासून आणखी एक करा. डबा बंदराच्या आत गेला की गेट-इनच्या पावतीचा फोटो ड्रायव्हरकडून त्याच रात्री मागवून घ्या, आणि कट-ऑफचा प्रत्येक मेल जपून ठेवा. संघटनेच्या टेबलावर पहिल्यांदा तेच मागतात.