लिव्ह उलमन ऐकते तेव्हा

आवाज येतोय ना मागेपर्यंत? माईक जरा कुरकुरतोय पण चालेल, कारण आज ज्या बाईंबद्दल बोलायचंय त्यांचं सगळं मोठं काम गप्प बसण्यातच आहे. लिव्ह उलमन. नॉर्वेची अभिनेत्री. मी अधूनमधून 'ती' म्हणेन, रागावू नका, लताला आपण लताबाई कुठे म्हणतो, तसंच.

आधी माझं सांगतो, म्हणजे मी हे का बोलतोय ते कळेल. मी बँकेतला माणूस, संध्याकाळी मात्र राज्य नाट्य स्पर्धेच्या तालमी. आमचे दिग्दर्शक एकदा तालीम थांबवून मला म्हणाले, तू समोरच्याचं ऐकत नाहीयेस, तू क्यूची वाट बघतोयस, म्हणजे आपलं वाक्य कधी येतं त्याची. तेव्हा मला प्रचंड राग आला होता. माझं पाठांतर चोख, संवादफेक चांगली, आणखी काय पाहिजे? हे म्हणजे काय ते मला कळलं बरंच नंतर, लिव्ह उलमनचा एक शॉट बघताना. त्या शॉटवर येतोच.

जन्म 16 डिसेंबर 1938, आणि गाव? टोकियो. आईवडील नॉर्वेजियन पण वडील इंजिनियर, नोकरीसाठी जपानला. मग महायुद्ध, नॉर्वे जर्मनांच्या ताब्यात गेलेला, म्हणून हे कुटुंब कॅनडात टोरांटोला, तिथे नॉर्वेच्या हवाई दलाचा तळ होता, त्याला 'लिटल नॉर्वे' म्हणायचे. वडील तिच्या अगदी लहानपणीच गेले. युद्ध संपल्यावर आई दोन मुलींना घेऊन परत आली आणि ही वाढली ट्रॉन्डहाइममध्ये. म्हणजे ज्या देशाची अभिनेत्री म्हणून जग तिला ओळखतं तो देश तिने नीट पाहिला तोच मुळी शाळेच्या वयात.

नट व्हायचं होतं, ऑस्लोच्या नाट्यशाळेत परीक्षा दिली, घेतलं नाही. लंडनला काही महिने शिकली. आणि मग 1957 साली स्टाव्हांगर नावाच्या गावात, तिथल्या रोगालांड थिएटरमध्ये पहिली मोठी भूमिका मिळाली, अ‍ॅन फ्रँकची. वय अठरा. स्टाव्हांगर म्हणजे तेव्हाचं मासळीचं बंदर, तेल वगैरे सापडलं नंतर, म्हणजे आपल्याकडे एखाद्याची सुरुवात मुंबईपुण्यात न होता रत्नागिरीच्या रंगमंचावर व्हावी असंच. तिथून ऑस्लो, मोठी नाटकं, सिनेमे, 1960 मध्ये एका मानसोपचारतज्ज्ञाशी लग्न. सगळं सरळ चाललं होतं.

तर बिबी अँडरसन म्हणून स्वीडिश नटी, हिची मैत्रीण, दोघींनी आधी एका सिनेमात काम केलेलं. दोघी स्टॉकहोमच्या रस्त्याने चालल्यात आणि समोरून इंगमार बर्गमन, स्वीडनचा मोठा सिनेदिग्दर्शक. त्याने दोघींचे चेहरे शेजारीशेजारी पाहिले, ते एकमेकींसारखे वाटले, आणि त्यातून निघाला 'पर्सोना'. शूटिंग 1965 च्या उन्हाळ्यात, बरंचसं फोरो नावाच्या बेटावर. ही सव्वीस वर्षांची, तो सत्तेचाळीसचा. पुढे काय झालं ते तुम्ही ओळखलं असेलच.

'पर्सोना'ची गोष्ट अशी की एलिझाबेत नावाची नटी 'इलेक्ट्रा' नाटकाचा प्रयोग चालू असताना मध्येच गप्प होते आणि दुसऱ्या दिवसापासून बोलणंच बंद करते. आजार काही नाही. तिच्याबरोबर अल्मा नावाची नर्स समुद्रकाठच्या घरात राहायला जाते. आता नर्स बोलतेय, बोलतेय, सगळं आयुष्य ओकतेय, आणि ही ऐकतेय. अख्ख्या सिनेमात लिव्ह उलमनच्या तोंडी बोटावर मोजण्याइतके शब्द. सव्विसाव्या वर्षी एवढ्या मोठ्या दिग्दर्शकाबरोबर पहिलाच सिनेमा आणि वाक्यं नाहीत! आपल्याकडे नटाने विचारलं असतं, माझा रोल कापला का?

हा सिनेमा मी पहिल्यांदा एका फिल्म सोसायटीत पाहिला, नाव सांगत नाही, भली माणसं होती. प्रोजेक्टरवाल्याने रिळं उलटसुलट लावली. कुणाच्याही लक्षात आलं नाही. नंतर चहाबरोबर चर्चा, त्यात एका प्राध्यापकांनी काळाच्या विखंडनावर वीस मिनिटं भाषण केलं, मी माना डोलावल्या. नंतर डीव्हीडीवर पाहिला तेव्हा कळलं.

तर तो शॉट. सिनेमाच्या शेवटाकडे अल्मा एलिझाबेतच्या समोर बसते आणि तिला तिचीच गोष्ट सांगते, तुला मूल नको होतं, तू त्याचा द्वेष केलास, ते मरावं असं तुला वाटायचं, अशी लांबलचक. आणि बर्गमनने काय केलंय, हे आख्खं भाषण दोनदा दाखवलंय. शब्दन् शब्द तोच. एकदा कॅमेरा ऐकणारीवर, मग परत पहिल्यापासून, कॅमेरा बोलणारीवर. आता दुसऱ्या वेळचं बघताना तुम्ही जरा कंटाळता, खरं सांगा. पण पहिल्या वेळी नाही कंटाळत, जिथे समोर फक्त ऐकणारा चेहरा आहे. काळा स्वेटर, केसांना पट्टी, चेहऱ्याचा अर्धा भाग अंधारात. ती रडत नाही, भुवया उडवत नाही, आपण ज्याला 'रिअ‍ॅक्शन देणं' म्हणतो त्यातलं काही म्हणजे काही नाही. एका ठिकाणी ओठ नुसते सैल पडतात. एका ठिकाणी नजर चोरावीशी वाटते आणि चोरत नाही. बस. बोलणारी सांगतेय ते खरं आहे हे आपल्याला बोलणारीवरून नाही, हिच्यावरून कळतं. मला तिथे आमचे दिग्दर्शक आठवले. क्यूची वाट न बघणं म्हणजे हे होय!

स्वेन नुक्विस्ट म्हणून कॅमेरामन होता, त्याच्या उजेडाला अर्धं श्रेय द्यायलाच पाहिजे. पण उजेड पडायला चेहरा लागतो.

पुढे पाचेक वर्षं ती फोरोवर बर्गमनबरोबर राहिली, लग्न नाही केलं. 1966 च्या ऑगस्टमध्ये मुलगी झाली, लिन, ती आज नॉर्वेतली नावाजलेली कादंबरीकार आहे. बर्गमनने घराभोवती दगडी भिंत बांधून घेतली होती, मत्सरी माणूस, हिने कुणाला भेटायचं यावर बारीक लक्ष. हे सगळं तिने 'चेंजिंग' या पुस्तकात लिहिलंय, आणि गंमत म्हणजे कडवटपणा नाही त्यात. तो तिला म्हणायचा की तू माझी स्ट्रॅडिव्हेरियस आहेस, ती हे अभिमानाने सांगते. मला मात्र ते वाक्य खटकतं. कितीही भारी व्हायोलिन झालं तरी वाजवणारा दुसराच ना? नातं संपलं पण सिनेमे संपले नाहीत, 'क्राइज अँड व्हिस्पर्स', 'फेस टू फेस', 'ऑटम सोनाटा' हे सगळं वेगळे झाल्यावरचं काम. माझं स्पष्ट मत असं की तिचं जास्त चांगलं काम भिंतीच्या बाहेर आल्यावरचंच.

'सीन्स फ्रॉम अ मॅरेज' घ्या, 1973, स्वीडिश टीव्हीची सहा भागांची मालिका. नवरा येऊन सांगतो, दुसरी बाई आहे, उद्या सकाळी तिच्याबरोबर पॅरिसला चाललोय. आणि ही बायको काय करते? त्याची बॅग भरू लागते. रडारड, आदळआपट, आपल्या सीरियलसारखं तीनदा वळून बघणं, काही नाही. सवय असते ना हातांना. हे लिहिलं बर्गमनने, पण ते हात तिचे आहेत. तो गेल्यावर ती एका मित्राला फोन करते आणि तेव्हा कळतं की मित्रमंडळींना हे आधीच माहीत होतं, तिला सोडून. बॅग भरताना न रडलेली बाई इथे फुटते. याची सिनेमाची आवृत्ती अमेरिकेत गाजली पण आधी टीव्हीवर दाखवलंय म्हणून ऑस्करला बाद. नियम म्हणजे नियम, बँकेतला माणूस आहे, मला समजतं.

ऑस्करवरून आठवलं. यान ट्रोएलचा 'द एमिग्रंट्स', स्वीडनमधलं गरीब शेतकरी कुटुंब जहाजाने अमेरिकेला मिनेसोटात जातं त्याची गोष्ट, त्यात ही क्रिस्तीना आणि नवरा मॅक्स फॉन सिडो. त्यासाठी तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं नामांकन होतं. मार्च 1973 चा समारंभ. बक्षीस लायझा मिनेलीला गेलं, पण त्याच रात्री सर्वोत्कृष्ट नटाचं नाव जाहीर करायला मंचावर रॉजर मूर आणि शेजारी लिव्ह उलमन. नाव निघालं मार्लन ब्रँडो. आणि वर आली सशीन लिटलफेदर, ब्रँडोने बक्षीस नाकारायला पाठवलेली, मूर बाहुली पुढे करतोय आणि ती तळहात आडवा धरून नको म्हणतेय. ही क्लिप तुम्ही शंभरदा पाहिली असेल. आता एकदा फक्त लिव्हकडे बघा. काही करायचंच नाहीये तिला, आणि जे चाललंय ते ती नुसती ऐकतेय.

हॉलिवुडने तिला डोक्यावर घेतलं आणि मग तिचं काय करायचं ते त्यांना कळेना. 'लॉस्ट होरायझन' नावाचा गाण्यांचा सिनेमा, सपशेल आपटला. 'फॉर्टी कॅरट्स'मध्ये चाळिशीची घटस्फोटित बाई, तेव्हा ही चौतिसाची. हे भराभर सांगतोय कारण यात सांगण्यासारखं फार नाही. ज्या बाईच्या चेहऱ्यावर कॅमेरा दोन दोन मिनिटं ठेवायचा तिला त्यांनी पळायला लावलं, नाचायला लावलं.

नाटकाने मात्र तिला सोडलं नाही. 1975 साली न्यूयॉर्कला लिंकन सेंटरमध्ये इब्सेनच्या 'अ डॉल्स हाउस'ची नोरा, नाटकाच्या शेवटी दार आपटून घर सोडणारी, नवऱ्याच्या भूमिकेत सॅम वॉटर्स्टन. इब्सेन तिच्याच देशाचा, भाषा मात्र परकी, इंग्रजी. टोनी पुरस्काराचं नामांकन मिळालं. आणि इथे आपला संबंध येतो बरं का. आपलं मराठी नवं नाटक सुरू झालं म्हणतात ते 1933 च्या 'आंधळ्यांची शाळा'पासून, ते बेतलेलं ब्योर्नसन या नॉर्वेजियनाच्या नाटकावर. आणि ही नोरा आपल्याकडे अनंत काणेकरांच्या 'घरकुल'मधून आली. म्हणजे लिव्हने न्यूयॉर्कला दार आपटलं त्याच्या कितीतरी आधी ते दार मराठीत आपटून झालं होतं.

1980 पासून ती युनिसेफची सदिच्छा दूत, हे काम करणारी पहिली बाई, निर्वासितांच्या छावण्यांतून हिंडली. मग दिग्दर्शन. 2000 मध्ये बर्गमनने स्वतःच्या एका जुन्या प्रकरणावर लिहिलेली पटकथा, 'फेथलेस', दिग्दर्शित करायला हिच्याच हातात दिली. म्हणजे बघा, व्हायोलिननेच गज हातात घेतला. सिडनीला केट ब्लँचेटला घेऊन 'अ स्ट्रीटकार नेम्ड डिझायर' बसवलं. 2022 मध्ये मानद ऑस्कर मिळालं. आणि तिच्यावर ज्याने एक नाही दोन माहितीपट केले, 2012 चा 'लिव्ह अँड इंगमार' आणि 2023 चा दुसरा, त्या दिग्दर्शकाचं नाव धीरज अकोलकर. आडनाव ऐकलंत? हां, आता टाळ्या वाजवल्यात, लिव्हसाठी नव्हत्या वाजवल्या.

बरं, आता 'ऑटम सोनाटा' बघायचाय, दीड तासाचा आहे. 1978 चा, शूटिंग नॉर्वेतच, कारण बर्गमन तेव्हा टॅक्सच्या भानगडीत स्वीडन सोडून बाहेर होता. आईच्या भूमिकेत इंग्रिड बर्गमन, इंगमारची कुणी नव्हे, आडनाव तेवढं एक, ही आई जगप्रसिद्ध पियानोवादक, मुलगी लिव्ह, गोल चष्मा, पाद्र्याची बायको. एक प्रसंग आहे, मुलगी शोपँची एक छोटी रचना आईला वाजवून दाखवते, जमेल तशी. मग आई म्हणते ऊठ, आणि तीच रचना कशी वाजवायची ते दाखवते, वर समजावूनही सांगते. तिथे इंग्रिडच्या हातांकडे बघू नका, कानांना पियानो ऐकू येईलच, वाजवलाय इंगमार बर्गमनच्या माजी बायकोने, कॅबी लारेतेईने. तुम्ही शेजारी बसलेल्या मुलीकडे बघा, आईच्या चेहऱ्याकडे मान वळवून ती काय बघतेय ते.

फोन सायलेंटवर टाका. आणि तो मागचा पंखा बंद करा कुणीतरी, फार आवाज करतोय.