एवढीशी जमीन, एवढी माणसं: जावाच्या खेड्यांतून सायकलवर

नमस्कार मंडळी. इंडोनेशियातल्या जावाला जाणारे आपले बरेच लोक पहाटे बोरोबुदुर बघतात, दुपारी प्रंबानन, संध्याकाळी योग्यकर्ताच्या बाजारात बाटिकची खरेदी, आणि दुसऱ्या दिवशी बालीचं विमान. देवळं बघाच, नवव्या शतकातलं काम आहे ते, सोडू नका. पण माझं म्हणणं एवढंच की त्यातली एक सकाळ सायकलसाठी काढा आणि गावातला गाईड घेऊन आसपासच्या खेड्यांतून फिरा, कारण जावा कशावर चालतं हे देवळात कळत नाही, गावात कळतं.

म्हणजे काय ते सांगतो. जावा बेट महाराष्ट्राच्या निम्म्याहून लहान आहे आणि २०२० च्या जनगणनेत तिथे १५ कोटींहून जास्त माणसं मोजली गेली. गावात शेतकऱ्याला किती जमीन आहे विचारा, बहुतेकांकडे अर्धा हेक्टरसुद्धा नाही, म्हणजे आपल्या भाषेत सव्वा एकराच्या आत, आणि त्यातही भाऊबंदकीत वाटण्या झालेल्या. मग एवढ्याशा जमिनीवर एवढी माणसं राहतात कशी, खातात काय, आणि एकमेकांच्या डोक्यात दगड न घालता नांदतात कशी? मी तिथे सायकल चालवताना हाच एक प्रश्न धरून बघत गेलो आणि मग साध्या साध्या गोष्टी दिसायला लागल्या, ज्या गाडीच्या काचेतून दिसल्याच नसत्या.

बोरोबुदुरच्या पायथ्याला चांदीरेजो नावाचं गाव आहे, तिथे गावाची स्वतःची सहकारी संस्था टूर चालवते, सायकल घ्या नाहीतर घोडागाडी. एका बाजूला मेनोरेहचे डोंगर, दुसऱ्या बाजूला लांब मेरापी ज्वालामुखी, आणि मधे सपाट भातखाचरं, त्यामुळे पायांना फार त्रास नाही. हा मेरापी २०१० मध्ये फुटला तेव्हा साडेतीनशेच्या आसपास माणसं गेली आणि बोरोबुदुरवर राखेचा थर बसला. पण त्याच राखेने ही माती हजारो वर्षं पोसली आहे, म्हणून जिथे पाणी आहे तिथे वर्षात भाताची दोन पिकं निघतात, कुठे कुठे तीन. एका खाचरात बायका वाकून लावणी करतायत आणि बांधापलीकडे कापणी चाललीय असं दृश्य दिसतं, आपल्या कोकणातल्या माणसाला ते बघून चक्रावल्यासारखं होतं कारण आपल्याकडे सगळं पावसाच्या वेळापत्रकावर.

आता खाचरातून घराकडे या. जावाच्या खेड्यात घराभोवतीची जागा म्हणजे पेकारांगान, ही माझ्या मते सगळ्यात हुशारीची गोष्ट आहे आणि बहुतेक टुरिस्ट तिच्याकडे झाडी म्हणून बघून पुढे जातात. वर नारळ, त्याखाली फणस आणि मेलिंजो, मग केळी आणि पपई, त्याखाली कसावा, अगदी खाली आलं-हळद-मिरची, कडेला कोंबड्या आणि एखादं माशांचं डबकं. पाच-सहा मजली शेती झाली ना ही! मेलिंजोच्या बिया भाजून ठेचून त्याचे एम्पिंग नावाचे पापड करतात, केळीच्या पानात तेम्पे, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनची वडी, बांधतात, नारळापासून साखर, त्यामुळे भाताचं पीक हातचं गेलं तरी घरात रोज काहीतरी येत राहतं.

तेम्पेचं घर तर थांबून नीट बघा. सोयाबीन भिजवायचं, सालं काढायची, उकळायचं, निथळून गार करायचं, मग त्यावर बुरशीचं विरजण भुरभुरवायचं आणि केळीच्या पानात पुड्या बांधून ठेवायच्या. दीड-दोन दिवसांत बुरशीचे पांढरे धागे दाण्यादाण्यातून फिरून सगळं घट्ट वडीसारखं बांधून टाकतात. मला तिथल्या मावशींनी रचलेल्या पुड्यांवर हात ठेवायला सांगितला, पुड्या चक्क कोमट होत्या, खाली जाळ नाही, ऊन नाही, आतली बुरशीच ती ऊब तयार करते. मावशी त्या उबेवरूनच सांगत होत्या की ही पुडी आज जाईल आणि ती उद्या. आणि गंमत बघा, एवढं घरगुती वाटणारं हे खाणं पण त्यातलं सोयाबीन बहुतांशी अमेरिकेतून येतं, त्यामुळे तिकडे भाव चढला किंवा रुपिया घसरला की इथे तेम्पेची वडी पातळ होते, कारण गिऱ्हाईकाला जास्त पैसे मागायची चोरी.

साखरेचं पण तसंच. मेनोरेहच्या बाजूला माणूस सकाळ-संध्याकाळ दोन्ही वेळा नारळावर चढतो, पोयीला, म्हणजे फुलोऱ्याच्या कोंबाला, पातळ काप देतो, खाली भांडं बांधतो आणि सकाळी जमलेली नीरा उतरवतो. ती आंबू नये म्हणून भांड्यात आधीच थोडा चुना घातलेला असतो. मग घरातली बाई चुलीवर मोठ्या कढईत काही तास ती आटवत बसते आणि घट्ट झाली की करवंट्यांमध्ये ओतते, सुटल्यावर तपकिरी वाटोळी ढेप हातात येते, चवीला अगदी आपल्या माडाच्या गुळासारखी. झाडावरून पडून लोक जायबंदी होतात, काही जण जातात, आणि नवी मुलं चढायला तयार नाहीत, हे तुम्हाला कुठल्याही चांगल्या गाईडकडून ऐकायला मिळेल. ऐकून घ्या, फक्त साखरेचा फोटो काढून निघू नका.

साखर म्हटल्यावर एक गोष्ट सांगायलाच हवी, समोर ऊसवाल्या घरांतले बरेच जण बसलेत. डचांनी १८३० पासून जावाच्या गावांवर सक्ती केली की जमिनीचा काही हिस्सा आणि तुमचे कष्ट ऊस, नीळ, कॉफीसाठी द्या, माल सरकारचा. त्या काळाने ही गावं पिळून काढली. पुढे पूर्व जावात पासुरुआनला डचांचं ऊस संशोधन केंद्र होतं, तिथे पीओजे २८७८ नावाची जात तयार झाली. कोईमतूरला तिचा संकर करून को ४१९ काढला, आणि आपल्याकडे जुन्या ऊसवाल्या शेतकऱ्याला ४१९ म्हणजे काय हे वेगळं सांगावं लागत नाही! पश्चिम महाराष्ट्रातल्या कारखान्यांना कित्येक वर्षं जो ऊस गेला त्याची एक बाजू जावाच्या शेतातून आलेली आहे. योग्यकर्ताच्या दक्षिणेला बंतुलच्या बाजूने सायकल नेली तर रस्त्याला लागूनच उसाचे फड लागतात, तिथे दोन मिनिटं थांबावंसं वाटतंच.

पण मूळ प्रश्न माणसांचा होता. गावात शिरल्यावर घरांच्या पुढच्या भिंतीकडे बघा. दाराजवळ एक छोटा डबा किंवा बांबूचं नळकांडं टांगलेलं दिसेल. याला जिम्पितान म्हणतात. रोज संध्याकाळी घरातलं कोणीतरी त्यात चिमूट-मूठ तांदूळ टाकतं, आता बऱ्याच ठिकाणी तांदळाऐवजी नाणं, आणि रात्री गस्तीला निघालेली माणसं घरोघर फिरून ते गोळा करतात. गस्त पाळीपाळीने प्रत्येक घराच्या वाट्याला येते आणि नाक्यावर त्यांची चौकी असते, तिथे पोकळ लाकडाचा केंतोंगान टांगलेला, चोरी, आग, मयत, प्रत्येकाचे ठोके वेगळे. गोळा झालेल्या त्या चिमटीतून गल्लीतला दिवा दुरुस्त होतो, आजाऱ्याला मदत जाते, मयताचा खर्च निघतो. देणाऱ्याला जाणवत नाही आणि घेणाऱ्याला हात पसरावा लागत नाही, मला तर ही व्यवस्था कुठल्याही देवळाइतकी मोठी वाटते. बायकांची आरिसान असते ती वेगळी, ती म्हणजे सरळसरळ आपली भिशी.

हे सगळं नुसतं गोड गोड नाही हं. २७ मे २००६ ला सकाळी सहाच्या आधी भूकंप झाला, बंतुल आणि क्लातेनमध्ये घरं लोकांवर पडली, ५,७०० हून जास्त माणसं गेली. त्यानंतर घरं बांधायचे पैसे सरकारने शेजाऱ्यांच्या गटांमार्फत दिले आणि कोणाचं घर आधी हे गटाने बसून ठरवलं. जिथे रोज रात्री चिमूटभर तांदळाचा हिशोब ठेवायची सवय होती तिथे हे गट उभे करायला बाहेरून कोणी शिकवायला लागलं नाही. बंतुलमधून जाताना बरीचशी घरं एकाच वयाची वाटतात ती त्यामुळे.

योग्यकर्ताच्या उत्तरेला राहात असाल तर मातारामच्या कालव्याकाठी सायकल न्या. जपानी अमलात, म्हणजे १९४२ ते ४५ च्या काळात, लाखो जावानी माणसं रोमुशा म्हणून वेठबिगारीला नेली जात होती, त्यातली कितीतरी परत आली नाहीत. तेव्हा सुलतान नववे हामेंकुबुवोनो यांनी जपान्यांना पटवलं की आमचा भाग कोरडा आहे, धान्य पाहिजे तर आधी कालवा खणू द्या. त्यातून प्रोगो आणि ओपाक या नद्या जोडणारा सुमारे ३० किलोमीटरचा कालवा झाला, गावच्या माणसांना गावातच काम मिळालं आणि परदेशी वेठीपासून बरेच जण वाचले असं तिथले लोक आजही सांगतात. पाणी अजून वाहतंय. काठावरची खाचरं मात्र दरवर्षी कमी होतायत, विद्यापीठ जवळ असल्याने शेत विकून मुलांच्या खोल्या बांधल्या की भाड्याचे पैसे रोख येतात, आणि शेतात दिसणारी माणसं बहुतेक पन्नाशीच्या पुढची.

टूर घेताना दोनच प्रश्न विचारा. गाईड त्या गावचा आहे का, आणि ज्या घरांत थांबणार त्यांना त्याचे पैसे मिळतात का. थांबे जितके कमी तितकी टूर चांगली, दहा ठिकाणं दाखवणारीत कोणाशी धड बोलणंच होत नाही. बोळात उतरून चालायची पाटी असेल तर सायकल हातात धरून चाला, तिथले मोटारसायकलवालेसुद्धा चालतात. ओट्यावर कोणी बसलं असेल तर मान थोडी लववून "मोंग्गो" म्हणा, तो जावानी भाषेतला अदबीचा शब्द आहे. मे ते सप्टेंबर कोरडा हंगाम, सकाळी साडेसहाला निघा, दहानंतर ऊन सहन होत नाही.

मागून शाकाहाराचं विचारलंय. काही अडचण नाही, तेम्पे आणि ताहू म्हणजे टोफू सगळीकडे, शेंगदाण्याच्या चटणीतल्या उकडलेल्या भाज्या म्हणजे पेचेल, ते मागा. फक्त साम्बल म्हणजे तिथल्या मिरचीच्या चटणीत आणि कधी पेचेलच्या चटणीतही तेरासी घालतात, ती कोळंबीची असते, म्हणून "तांपा तेरासी" म्हणजे तेरासीशिवाय असं आधीच सांगून ठेवा. आणि फणसाचं गुदेग शाकाहारी दिसतं पण त्यात अंडं, चिकन असतं, ते विचारून घ्या.