पुढील स्टेशन, मशीद

(लोकलचा खडखडाट. खिडकीतून सरकणारे रूळ, मग फलाटावरची पाटी.)

'पुढील स्टेशन, मशीद.'

सँडहर्स्ट रोड मागं पडलं की मध्य रेल्वेच्या लोकलमध्ये ही घोषणा होते. मी ती वर्षानुवर्षं ऐकत आलो. मशीद म्हणजे मुसलमानांची मशीद, यापलीकडे कधी विचार केला नाही. त्या रविवारी सकाळी फलाटावर आमची वाट बघत असलेल्या मावशींचं पहिलंच वाक्य होतं, "ही मशीद आमची बरं का. आम्हा बेने इस्राएलांची." बेने इस्राएल म्हणजे कोकणातले, मराठी बोलणारे ज्यू.

मावशी साठी ओलांडलेल्या. अंगावर सुती साडी, खांद्याला पिशवी, हातात छत्री. मुंबईतली ज्यू ठिकाणं दाखवणं हे त्यांचं काम. बरोबर येतात ते बहुतेक परदेशी पाहुणे, त्यामुळं सगळं इंग्रजीत सांगायची सवय. आम्ही विचारलं, मराठीत सांगाल का? त्या क्षणभर थांबल्या. म्हणाल्या, "बरं झालं विचारलंत. इंग्रजीत सांगताना अर्धं राहूनच जातं."

ते अर्धं काय होतं, ते दिवसभरात हळूहळू कळत गेलं.

(मशीद बंदरचा घाऊक बाजार. हातगाड्या, पोती, हमाल.)

स्टेशनातून बाहेर पडलं की बाजार अंगावर येतो. पाठीवर गोणी घेतलेले हमाल 'बाजूला, बाजूला' करत धावतात. या गर्दीत एक रस्ता आहे, सॅम्युएल स्ट्रीट. हे सॅम्युएल म्हणजे सॅम्युएल इझिकेल दिवेकर. समाजातलं नाव सामाजी हसाजी दिवेकर. ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजेत होते. म्हैसूरच्या लढाईत टिपूच्या कैदेत पडले. मावशी सांगतात ती गोष्ट अशी, की टिपूच्या आईनं विचारलं, हे कोण लोक? बेने इस्राएल, असं उत्तर आलं. हे नाव तर कुराणात आहे, यांना मारू नका, असं ती म्हणाली. सुटून आलो तर देवाचं घर बांधीन, हा सामाजींनी केलेला नवस. 1796 साली त्यांनी तो फेडला. मुंबईतलं हे पहिलं सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनाघर. नाव शार हाराहमीम, म्हणजे दयेचं दार. आजची इमारत 1860ची. बेने इस्राएल आपल्या प्रार्थनाघराला मशीदच म्हणायचे. स्टेशनाला नाव मिळालं ते या मशिदीवरून, असं ही मंडळी पिढ्यानपिढ्या सांगत आली आहेत.

सिनेगॉग झालं, पण त्यात ठेवायला तोराची, म्हणजे ज्यूंच्या धर्मग्रंथाची, हस्तलिखित गुंडाळी हवी. ती आणायला सामाजी कोचीला गेले आणि तिथंच वारले. हे सांगताना मावशींचा आवाज खाली आला, घरातलं कुणी गेल्यासारखा.

(दारावरचा पोलीस, ओळखपत्रांची तपासणी. मग आतला गारवा.)

आत जाताना डोकं झाकायचं. मधोमध लाकडी कठड्याचा चौथरा, त्याला तेबा म्हणतात. प्रार्थना म्हणणारा तिथं उभा राहतो. वर बायकांची गॅलरी. आढ्यापासून लोंबणारे काचेचे दिवे. पश्चिमेच्या भिंतीत पडद्याआड तोराचं कपाट, कारण इथून यरुशलेम पश्चिमेला.

मावशी बाकावर बसल्या आणि कोकणात पोचल्या.

अलिबागजवळ नवगाव आहे. तिथं एक गलबत फुटलं, सात पुरुष आणि सात बायका तेवढ्या वाचल्या, ही या समाजाची मूळकथा. कधी, कुठून, याची नोंद नाही. धर्मग्रंथ समुद्रात गेले. राहिलं ते माणसांच्या अंगात मुरलेलं. मुलाची सुंता, 'शेमा इस्राएल' ही एक प्रार्थना, खाण्यापिण्याचे नियम आणि शनिवारची सुट्टी. कोकणात त्यांनी तेलाचे घाणे घातले. शनिवारी घाणा बंद, बैल मोकळा. म्हणून गावकऱ्यांनी नाव ठेवलं, शनवार तेली. आडनावं गावांवरून. दिव्याचा दिवेकर, पेणचा पेणकर, रोह्याचा रोहेकर, चौलचा चेऊलकर. हिंदी सिनेमातले डेव्हिड आठवतात? त्यांचं पूर्ण नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर.

आणि मग मावशींनी सणांची नावं सांगितली. मी वही बाजूला ठेवून नुसता ऐकत बसलो. नव्याचा सण. खिरीचा सण. दार फाळणीचा सण, म्हणजे योम किप्पूर, प्रायश्चित्ताचा दिवस, त्या दिवशी घराची दारं बंद. पुरीम हा ज्यूंचा सण, तो इथं होळीचा सण. आणि बिरड्याचा रोजा, यरुशलेमचं मंदिर पडल्याचा शोक, उपास सोडायला वालाचं बिरडं. आता सांगा, बिरडं इंग्रजीत कसं सांगणार? मोड आलेले, सोललेले वाल, एवढं सांगून भागतं का? वाल भिजत घालणं, मोडांची वाट बघणं, बोटं सुरकुतेपर्यंत सोलणं, हे ज्याच्या घरात झालंय त्यालाच तो शोक आणि ते बिरडं एका ताटात कसं आलं ते कळेल.

मटण आणि दूध एकत्र चालत नाही, म्हणून कालवणात नारळाचं दूध. वाइन धर्माप्रमाणे हवी आणि ती मिळेना, म्हणून काळ्या मनुका पाण्यात भिजवून काढलेलं सरबत. नव्याच्या सणाला गव्हाच्या चिकाचा हलवा. नियम तिकडचे, त्यांना तोड काढली कोकणातल्या बायकांनी. मला वाटतं, या शहरातला सर्वांत जुना ज्यू वारसा दगडात शोधण्याआधी स्वयंपाकघरात शोधावा.

(काळा घोडा. डेव्हिड ससून वाचनालयाची दगडी कमान.)

आता दुसरी मुंबई. डेव्हिड ससून हे ज्यू व्यापारी बगदादहून पळून 1830च्या दशकात इथं आले. कापूस आणि अफू, चीनपर्यंत पसरलेला व्यापार. अफूचा उल्लेख मावशींनी टाळला नाही, आपणही टाळू नये. त्या पैशातून जे उभं राहिलं ते आजही वापरात आहे. 1870ला पूर्ण झालेलं हे वाचनालय, 1875चा ससून डॉक, राणीबागेच्या आवारातला घड्याळाचा मनोरा. आणि काळा घोडा? सातव्या एडवर्डचा तो अश्वारूढ पुतळा, 1879 साली डेव्हिड यांचे पुत्र अल्बर्ट ससून यांनी शहराला दिलेला. 1965मध्ये तो इथून हलवला, आज राणीबागेच्या आवारात आहे. पुतळा गेला तरी भागाचं नाव काळा घोडाच राहिलं. 2017 साली नवा घोडा बसवला, स्वार नसलेला.

मागच्या गल्लीत केनेसेथ एलियाहू सिनेगॉग, 1884चं. रंगीत काचा, उंच खांब. 2019मध्ये जीर्णोद्धार झाल्यापासून ते पाहायला गर्दी असते. सुंदर आहे, जरूर बघा.

भायखळ्याचं मागेन डेव्हिड सिनेगॉगही ससूनांचंच, 1864चं. त्याच्या आवारात त्या घराण्याच्या नावाच्या शाळा आहेत. आज तिथली बहुतेक मुलं मुसलमान आहेत.

ससूनांसारखे बगदादहून आलेले ज्यू, म्हणजे बगदादी, आणि बेने इस्राएल एकाच देवाचे, तरी एका पंगतीचे नव्हते. बगदादी श्रीमंत, इंग्रजांच्या उठबशीतले. त्यांनी बेने इस्राएलांना बरोबरीचं मानलं नाही, दफनासाठीसुद्धा वेगळी जागा मागितली. मावशी एवढंच म्हणाल्या, "आमची माणसं तेली, शिपाई, कारकून. आम्हाला ज्यू ठरवायला आम्हाला कुणाची चिठ्ठी नको होती." पण चिठ्ठी मागितली गेली, तीही इस्रायलमध्ये. तिकडं गेलेल्यांच्या लग्नांना धर्मपीठ आडकाठी करू लागलं. बेने इस्राएलांनी निदर्शनं केली, धरणं धरलं, आणि 1964 साली तिथल्या सरकारनं त्यांना पूर्ण बरोबरीचे ज्यू म्हणून मान्य केलं.

(कुलाबा. ससून डॉकवर उतरणारी मासळी.)

डॉकवर एक गोष्ट ऐकायलाच हवी. डेव्हिड रहाबी नावाचा एक ज्यू कोकणात आला. हे खरेच आपले लोक का, हे पाहायला त्यानं बायकांपुढं टोपलीभर मासळी ठेवली. खवले आणि पर असलेले मासे त्यांनी घेतले, बाकीचे बाजूला सारले. त्याची खात्री पटली. कोळणीच्या टोपल्यांकडे बोट दाखवत मावशींनी मला विचारलं, "रावस घेऊ का?" घ्या, म्हटलं. "कोळंबी?" नाही. "खेकडा?" नाही. "झालास बेने इस्राएल," असं म्हणून त्या मनापासून हसल्या.

तिथून जवळच नरिमन हाउस. तिथं मात्र त्या हसल्या नाहीत. नोव्हेंबर 2008च्या हल्ल्यात इथले तरुण धर्मगुरू आणि त्यांची पत्नी मारले गेले. त्यांच्या दोन वर्षांच्या मुलाला सांभाळणारी बाई त्याला कडेवर घेऊन बाहेर आली, म्हणून तो वाचला. प्रत्येक सिनेगॉगच्या दारावर पोलीस का, याचं उत्तर हे. "मारायला आले ते बाहेरून," मावशी म्हणाल्या. "शेजाऱ्यानं आमच्या दारावर कधी खडासुद्धा मारला नाही."

(वरळी. ज्यू दफनभूमी.)

डॉ. ई. मोझेस मार्ग. हे नाव रोज वाचणाऱ्यांनी जरा थांबावं. डॉ. एलिजा मोझेस, मूळचे राजपूरकर, बेने इस्राएल, 1937 साली मुंबईचे महापौर.

इथल्या थडग्यांवर हिब्रू आहे, इंग्रजी आहे, आणि आपलं देवनागरी आहे. हाताने खोदलेली, कुठं ऱ्हस्वदीर्घ चुकलेली अक्षरं. मावशी मराठीच वाचतात. एका दगडावर खडा ठेवतात, तशी रीत आहे. ही त्यांची आजी. शेजारची जागा मोकळी, कारण पुढची पिढी इथं नाही.

1948च्या आसपास बेने इस्राएल 20 हजारांच्या घरात होते. मग इस्रायल झालं आणि घरं रिकामी होत गेली. आज भारतभरचे सगळे ज्यू मिळून काही हजार. सामूहिक प्रार्थनेला 10 पुरुष लागतात. एकेका सिनेगॉगमध्ये ते जमवायला फोन करावे लागतात. 2016मध्ये महाराष्ट्र सरकारनं ज्यूंना अल्पसंख्याक दर्जा दिला. आनंद झाला, पण मावशींना त्याहून हवं आहे ते वेगळंच. "तुम्ही लोक येत नाही," त्या म्हणाल्या. "अमेरिकेतून येतात, लंडनहून येतात. दादरहून कुणी येत नाही."

(दफनभूमीचं फाटक. संध्याकाळ. पाऊस सुरू होतो.)

मावशींचा फोन वाजला. इस्रायलमधल्या लोदहून मावसबहीण, पन्नासेक वर्षांपूर्वी गेलेली. पडद्यावर पांढऱ्या केसांचा चेहरा. मावशींनी छत्री मागं केली, फोन आकाशाकडे धरला.

"बघितलास? लागला गो पाऊस."

तिकडून थोडा वेळ काहीच आवाज आला नाही. मग हळूच, "अजून धर जरा."