खेळ मांडणारा माणूस

श्रोतेहो, नमस्कार.

आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आपल्या खान्देशात दोन खेळ रंगतात. बायका-पोरी झोक्यावर आणि पुरुषमंडळी निंबाखाली पत्त्यांवर. वर्षभर पत्त्याला हात न लावणारा माणूसही त्या दिवशी डावाला बसतो. त्या घोळक्यात एखादा असा असतो, जो स्वतः खेळत नाही. पत्ते पिसून देतो, उतारी कुणाची ते सांगतो, वाद झाला की निवाडा करतो. जिंकणाऱ्याचं नाव गावभर होतं, याचं कुणी घेत नाही. पण तो जेवायला म्हणून उठून गेला की घटकाभरात डाव मोडलाच समजा.

आज त्याच्या जातकुळीतल्या माणसांबद्दल बोलायचं आहे. फक्त त्यांचा निंब म्हणजे टीव्हीचा स्टुडिओ. गेम शोचा निर्माता हा काय प्रकारचा प्राणी असतो?

३ जुलै २००० ची रात्र तुमच्यापैकी अनेकांना आठवत असेल. ‘कौन बनेगा करोडपती’ सुरू झालं. ज्यांच्याकडे वीज होती ते आपल्या घरात, ज्यांची गेली होती ते दुसऱ्या वाडीतल्या टीव्हीसमोर. अमिताभ बच्चन सगळ्यांच्या लक्षात राहिले. पण तो खेळ इंग्लंडातून आणून इथल्या मातीत बसवला सिद्धार्थ बसू यांनी. हे तेच, १९८५ साली दूरदर्शनवर ‘क्विझ टाइम’ घेणारे. स्वतः प्रश्न विचारण्यापासून सुरुवात केली आणि मग कॅमेऱ्याच्या मागे गेले. १५ प्रश्न आणि १ कोटी रुपये, एवढीच वरवर दिसणारी गोष्ट. पण पहिले चार-पाच प्रश्न इतके सोपे का, की चुलीपुढे बसलेली आजीसुद्धा ओरडून उत्तर देते? कारण तिला ओरडायला लावायचंच असतं. पुढचे दहा प्रश्न ती जागची हलत नाही. प्रश्नांची ही उतरंड रचणं म्हणजे निर्मात्याचं खरं कसब.

या धंद्यातला थोरला माणूस मात्र अमेरिकेतला, मार्क गुडसन. जन्म १९१५ चा, आई-वडील रशियातून आलेले. वकील व्हायचं होतं, शिकताना मासळीच्या दुकानात काम करून पैसे जोडले. पण गेला रेडिओत. म्हणजे आपल्याच बिरादरीतला. १९३९ साली सॅन फ्रान्सिस्कोच्या रेडिओवर त्यानं एक खेळ बसवला, ज्यात स्पर्धक फुग्यांवर बाण फेकायचे. रेडिओवर फुगे! ऐकणाऱ्याला बाण दिसत नाही, फुगा दिसत नाही, ऐकू येतं ते फक्त ‘फट्’. मला वाटतं, या माणसाची सगळी हुशारी त्या ‘फट्’मध्ये आहे.

पुढे न्यूयॉर्कला बिल टॉडमन नावाचा भागीदार भेटला. दोघांनी १९४६ मध्ये रेडिओवर ‘विनर टेक ऑल’ आणलं. तोवरच्या प्रश्नस्पर्धांत एकेक स्पर्धक यायचा, उत्तरं द्यायचा, जायचा. यांनी दोघांना समोरासमोर उभं केलं. ज्यानं आधी बटण दाबलं त्याचं बोलणं, दुसऱ्याचं बंद. आणि जिंकेल तो पुढच्या वेळीही खेळायला हजर. आज आपल्या शाळांच्या प्रश्नमंजुषेत पोरं बझरवर बुक्की मारतात ना, ती रीत या जोडीनं रुळवली.

१९५० मध्ये त्यांचा ‘व्हॉट्स माय लाइन?’ टीव्हीवर आला आणि पुढे १७ वर्षं चालला. समोर एक माणूस येऊन बसतो. त्याचा धंदा कोणता, हे चार जाणत्यांनी ओळखायचं. प्रश्न असे विचारायचे की उत्तर ‘हो’ किंवा ‘नाही’ एवढंच यावं. प्रत्येक ‘नाही’ला पाहुण्याला ५ डॉलर. दहा ‘नाही’ झाले की खेळ संपला, म्हणजे सगळे मिळून ५० डॉलर. बस्स. आणि घरी बघणाऱ्याला पडद्यावर उत्तर आधीच लिहून दाखवलेलं! शहाणे अंधारात चाचपडताहेत आणि आपल्याला ठाऊक आहे, याच्याइतकं सुख दुसऱ्या कशात असतं? आपल्याकडे कुणी आन्हा, म्हणजे कोडं, घातला की उत्तर माहीत असलेलं पोर तोंड दाबून बसतं, गालातल्या गालात हसतं. गुडसननं अख्ख्या देशाला त्या पोराच्या जागी बसवलं. बक्षीस मोठं ठेवायची त्याला गरजच पडली नाही.

आता त्याच काळातला दुसरा निर्माता, डॅन एनराइट. त्याचा खेळ ‘ट्वेंटी-वन’. दोन स्पर्धक दोन काचेच्या खोल्यांत, एकाला दुसऱ्याचं ऐकू येत नाही. प्रश्न १ ते ११ गुणांचे, जितके गुण तितका अवघड. आधी २१ गाठेल तो जिंकला. दोघांची बरोबरी झाली की पुढच्या डावात गुणामागचे पैसे वाढणार. कागदावर बघा, खेळ झकास आहे. पण सप्टेंबर १९५६ मध्ये पहिला भाग सरळपणे खेळवला आणि फजिती झाली. स्पर्धकांना उत्तरंच येईनात. चुकीमागून चूक. ज्या औषध कंपनीच्या पैशावर कार्यक्रम चालायचा, तिचे लोक संतापले, की असं पुन्हा होता कामा नये.

मग असं पुन्हा झालं नाही. प्रश्न आणि उत्तरं आधीच स्पर्धकाच्या हातात पडू लागली. कुठं अडखळायचं, कपाळाचा घाम कसा टिपायचा, तेही शिकवलं जाऊ लागलं. घाम खरा यावा म्हणून काचेच्या खोलीतली थंड हवा बंद ठेवत. हर्ब स्टेम्पेल नावाचा स्पर्धक आठवड्यामागून आठवडे जिंकत होता. मग त्याला सांगितलं, आता हर. आणि हरण्यासाठी प्रश्न कोणता दिला? १९५५ चा ऑस्कर मिळवणारा चित्रपट कोणता? उत्तर ‘मार्टी’. त्यानं तो चित्रपट तीनदा पाहिलेला, त्याचा आवडता. टीव्हीसमोर लाखो लोक, आणि या माणसानं समजून उमजून दुसऱ्याच चित्रपटाचं नाव घेतलं. त्याच्या जागी आला चार्ल्स व्हॅन डोरेन, विद्यापीठात शिकवणारा, दिसायला देखणा, बोलायला गोड. त्यानं १,२९,००० डॉलर कमावले आणि नोव्हेंबर १९५९ मध्ये अमेरिकी संसदेच्या समितीपुढे कबुली दिली, की सगळं ठरवलेलं होतं. १९६० साली अशी लबाडी करणं गुन्हा ठरवणारा कायदा झाला.

एनराइटला शिव्या घालणं सोपं आहे. मी घालणार होतो. पण मग मला तापीकाठच्या एका गावची जत्रा आठवली.

तेव्हा मी हायस्कूलला मास्तर होतो. जत्रेत मुलांची प्रश्नमंजुषा घ्यायचं काम माझ्या गळ्यात पडलं. पहिल्या वर्षी मी फार अभ्यास करून प्रश्न काढले. परिणाम असा की सलग सहा प्रश्नांना कुणालाच उत्तर आलं नाही. शेजारी पाळणे फिरताहेत, गोडशेवेच्या दुकानातून वास येतोय. माणसं उठायला लागली. मंडपात उरलो मी, चार पंच आणि आपापल्या पोरासाठी थांबलेले पालक. वर्गणी देणारे आडत दुकानदार मला म्हणाले, ‘‘सर, पुढच्या वर्षी जरा रंग भरा.’’ रागावून नाही हो, प्रेमानं म्हणाले. तेच जास्त लागलं.

पुढच्या वर्षी शेवटच्या फेरीत एक मुलगी आणि एक मुलगा उरले. मुलगी सातवीतली, खणखणीत आवाजाची, प्रत्येक उत्तराला टाळ्या घेणारी. मुलगा खाली मान घालून पुटपुटायचा, उत्तर बरोबर असलं तरी मंडपात पोचायचं नाही. चिठ्ठ्या पेढ्याच्या खोक्यात होत्या. खोका माझ्या हातात. मी काय केलं, ते सांगायला आज पहिल्यांदा माइकसमोर बसलोय. वरची चिठ्ठी मी अंगठ्यानं खाली सरकवली. मुलीला गेलं, ‘तापीचा उगम कुठे?’ ती ‘मुलताई!’ अशी ओरडली, की मंडप दणाणला. मुलाला गेलं, ‘दादाभाई नौरोजी ब्रिटिश संसदेवर कोणत्या साली निवडून आले?’ तो बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, ‘‘१८९३.’’ वर्षभराचा फरक. भिंतीवरचं घड्याळ आणि ५०१ रुपये मुलीला मिळाले. दुकानदार खूश. म्हणाले, ‘‘याला म्हणतात कार्यक्रम.’’

तिचं उत्तर खरं होतं, त्याचं चुकलं होतं. कायद्यानं मला कुणी धरलं नसतं. एनराइटलाही पहिल्या दिवशी असंच वाटलं असेल.

गंमत बघा, एनराइट कायमचा संपला नाही. बरीच वर्षं अमेरिकी टीव्हीला पारखा झाला, मग सत्तरच्या दशकात जुना भागीदार जॅक बॅरी याच्या ‘द जोकर्स वाइल्ड’मधून परतला आणि नंतर पुन्हा जम बसवला. १९७२ साली गुडसननं ‘द प्राइस इज राइट’ नव्यानं उभा केला. तो आजही चालतो. खेळ काय, तर मिक्सर, सोफा, गाडी यांची किंमत ओळखायची. आपल्या बाजारात रोज होतो तोच. दोघेही निर्माते १९९२ मध्येच वारले. एक मे महिन्यात, दुसरा डिसेंबरात.

मागच्या वर्षी भुसावळ स्टेशनवर मी गाडीची वाट बघत होतो. मागून हाक आली, ‘‘काय करी ऱ्हायनात सर?’’ चाळिशीकडे झुकलेला माणूस, केळीच्या धंद्यात असावा, शर्टावर चिकाचे काळे डाग होते. मी ओळखलं नाही. त्यानं गावाचं नाव सांगितलं, मग जत्रेचं. माझी जीभ टाळूला चिकटली. खोक्याचं बोलेल, अंगठ्याचं बोलेल, असं वाटलं. तो तसं काही बोलला नाही. माझी बॅग डब्यात चढवून दिली, खिडकीशी आला आणि गाडी हलता हलता म्हणाला,

‘‘सर, १८९२.’’