अडकल्याचं नाटक

'मनी हाइस्ट'च्या पहिल्याच एपिसोडमध्ये चोर छापखान्याच्या मुख्य दारातून बाहेर येतात, हातात पैशांच्या पिशव्या, समोर पोलीस, धाडधाड गोळ्या सुटतात आणि पिशव्या रस्त्यावर तशाच टाकून सगळे परत आत पळतात. पोलिसांना वाटतं, सापडले चोर, आता जातील कुठे! आणि तिकडे दुसरीकडेच कानाला हेडफोन लावून बसलेल्या प्रोफेसरला, म्हणजे या चोरीच्या मास्टरमाइंडला, नेमकं हेच हवं असतं. (म्हणजे अगदी हेच नाही, टोळीतला रिओ पडतो आणि त्याची साथीदार टोकियो भडकून सरळ पोलिसांवरच गोळ्या झाडते, हे प्लॅनमध्ये नव्हतं. टोकियोचं सीझनभर हेच चालतं.)

'ला कासा दे पापेल', आपण ज्याला मनी हाइस्ट म्हणतो ती. आलेक्स पिनाची सिरीज, २ मे २०१७ ला स्पेनच्या आंतेना ३ चॅनलवर सुरू झाली. माद्रिदच्या सरकारी नोटांच्या छापखान्यात आठ जण घुसतात, लाल कपडे, चेहऱ्यावर चित्रकार दालीचा मुखवटा, आत ६७ ओलीस.

पण तिजोरी फोडून पळायचं नाहीच मुळी. कागद आत, शाई आत, मशिनं आत, चालवणारे कामगार पण आतच, मग काय, बसायचं आणि छापायचं! नाशिकरोडच्या प्रेसमध्ये शिरून कुणी ओव्हरटाइम करत बसावा तसं. टार्गेट २४० कोटी युरो, मुदत अकरा दिवस. एरवी चोराच्या गोष्टीत घड्याळ चोराच्या मागे लागलेलं असतं, इथे उलटं, पोलिसांनी विचार करायला घेतलेला प्रत्येक तास म्हणजे यांच्या खात्यात अजून नोटा. म्हणून फोनवरच्या त्या लांबलचक वाटाघाटी बघताना कंटाळा येत नाही, कारण ती बडबडच चोरी आहे.

त्या फोनच्या दुसऱ्या टोकाला इन्स्पेक्टर राकेल. केसांत पेन्सिल खोचते, अंबाडा घट्ट करते आणि मग बोलायला लागते. कॅफेत तिच्या मोबाइलची बॅटरी संपते तेव्हा शेजारचा एक साधासा चष्मेवाला आपला फोन देतो, तो प्रोफेसरच, हे आपल्याला माहितीये, तिला नाही, आणि इथून पुढे ती त्याच्याशी हसून बोलली की आपल्याच पोटात गोळा येतो. योगायोग जरा जास्तच आहेत हो, पण त्या वेळी कुणाला सुचतंय!

स्पेनच्या लोकांसाठी यात अजून एक जुनी जखम होती. २०१२ ला बुडत्या बँकांना वाचवायला युरोपकडून पैसा आला, २०१३ मध्ये कामाच्या शोधात असलेल्या चारातला एक बेकार होता, हप्ते थकले म्हणून लोकांना राहत्या घरातून बाहेर काढत होते. प्रोफेसर शेवटी राकेलला तेच विचारतो, युरोपच्या बँकेने हवेतून पैसा काढून बँकांना दिला तर त्याला चोरी कुणी म्हटलं का? मी तेच करतोय, फक्त बँकांऐवजी या फाटक्या लोकांसाठी.

टीव्हीवर मात्र प्रेक्षक हळूहळू गळत गेले. मग नेटफ्लिक्सने १५ लांब एपिसोड कापून २२ केले आणि जगभर धुमाकूळ.

आणि छापखान्याच्या आत नैरोबी, टोळीतलीच एक. छपाईच्या हॉलमध्ये तिचं राज्य, मशिनांचा खडखडाट, ओल्या शाईच्या पन्नास युरोच्या नोटांचे तक्ते, आणि आकडा पुढे सरकला की ही पोरगी खूश. अकरा दिवस काही मिळत नाहीत. ९८ कोटी ४० लाखांवर मशिनं बंद करावी लागतात.